प्रेताचं काम

मासळीबाजारात एका जाडजूड रोहूचा कल्ला उचलून परितोषबाबू आतली लाली तपासत होते, तेवढ्यात मागून खांद्यावर हात पडला आणि गोकुळबाबूंचा आवाज आला, "परितोषदा, यंदा प्रेताचं काम कराल का?"

परितोषबाबू लगेच वळले नाहीत. कल्ला हातातच राहिला. या हाताची ते गेली कित्येक वर्षं वाट बघत होते, हे त्यांच्याशिवाय कुणालाच माहीत नव्हतं. दुर्गा विसर्जनाला गेली की रिकाम्या मांडवात एक दिवा जळत राहतो, आणि त्या आठवड्यात त्याच मांडवात गल्लीतल्या तरुण मिलन संघाचं विजयेचं नाटक होतं. संघातला सर्वांत तरुण तरुण साठीचा. नाटक दर वर्षी गोकुळबाबूच बसवत. विमा कंपनीतून निवृत्त झालेला हा माणूस नटांना हात धरून रंगमंचाच्या मध्यावर आणून उभा करी आणि सांगे, "इथून ओरडा." आणि याच गल्लीत, चार घरं सोडून, परितोष तलापात्र राहत होते. ज्यांचे चित्रपट कुठल्या कुठल्या बर्फाळ देशांत दाखवले गेले होते, ज्यांच्या कपाटावर काचेचा एक बोजड पक्षी होता, बक्षिसात मिळालेला. गोकुळबाबू एक ना एक दिवस येणार आणि म्हणणार, दादा, यंदा तुम्ही बसवा. त्या दिवसासाठी परितोषबाबूंनी नकारसुद्धा तयार ठेवला होता, दाढी करताना आरशात घोटून घोटून. "नाही हो गोकुळबाबू, नाटक हा माझा पिंड नाही." मग एक अर्धं हसू. हसू डाव्या बाजूने की उजव्या, तेही ठरलेलं. आणि आता हात आला होता, तर त्या हातात हे.

"गेल्या वर्षी नोनीबाबू होते ना?" ते म्हणाले.

"होते. माघात गेले."

"कुठे?"

"कुठे काय, दादा! गेले म्हणजे गेले. तुम्ही खांदा दिलात की." गोकुळबाबूंनी पिशवी एका हातातून दुसऱ्या हातात घेतली. "तसं बघायला गेलं तर तुमच्याच पद्धतीचं काम आहे. मुलाखतींत तुम्हीच सांगता ना, नटाने काही करू नये म्हणून? तर इथे काहीच करायचं नाही. काका मेलाय, पुतणे घरावरून भांडतायत, तुम्ही आपले पडून. शेवटी तेवढं उठून बसायचं आणि गरजायचं, 'माझा चहा कुठाय?' की पडदा. खरं म्हणजे दुसरा कुणी मिळाला असता, पण सगळ्यांना बोलायची भूमिका हवी."

मासळीवाल्याला राहवलं नाही. "दादा, टीव्हीवर तुमचं ते नावेचं बघितलं हो. ती नाव शेवटी काठाला लागते का? आमच्याकडे मध्येच वीज गेली."

"नाही लागत," परितोषबाबू म्हणाले.

"मग गेली ते बरंच झालं."

ते हो कसं म्हणाले, ते घरी येईपर्यंत त्यांना आठवेना. बहुधा म्हणालेच नव्हते. बहुधा मान हलली असेल आणि गोकुळबाबूंनी हिशेबात धरली असेल, जशी त्यांनी स्वतः आयुष्यभर नटांची अर्धवट मान हिशेबात धरली होती. स्वयंपाकघरात इंदुलेखा जमिनीवर बसून गरम गूळखोबऱ्याचे लाडू, म्हणजे नाडू, वळत होती. विजयेला, म्हणजे विसर्जनानंतरच्या भेटीगाठींत, घरात पाऊल टाकणाऱ्या प्रत्येकाच्या हातावर नाडू पडायलाच हवा, आणि गल्लीतले सगळे पाय आधी तलापात्रांच्या घराकडेच वळत, कारण तिच्या हाताचे नाडू. मिश्रण निवलं की वळत नाही, म्हणून ते पोळत असतानाच घ्यावं लागतं. तिच्या बोटांची टोकं लाल झाली होती. परितोषबाबूंनी सांगितलं. ती आधी नुसती बघत राहिली आणि मग हसायला लागली. अशी हसली की पदर तोंडाला लावावा लागला आणि पदराला गूळ लागला, आणि शेवटी तिची ती उचकी आली, हसण्याच्या टोकाला हटकून येणारी, जी परितोषबाबूंनी मुलीच्या लग्नानंतर ऐकलीच नव्हती.

"अगं, एवढं काय हसण्यासारखं..."

"नाही हो, चांगलंच आहे. हे मात्र मी पहिल्यापासून शेवटपर्यंत बघणार हं. पहिल्या रांगेत बसून. डोळे उघडे ठेवून."

बोलून गेली आणि हात थांबला. दोघांमध्ये जमिनीवर ते वाक्य पडलं होतं. त्या घरात एवढ्या वर्षांत जे कधी उच्चारलं गेलं नव्हतं, ते असं गुळाच्या वासातून सहज घरंगळून बाहेर आलं. इंदुलेखाने घाईघाईने पुढचा नाडू वळायला घेतला. परितोषबाबू म्हणाले, "रोहू आणलाय," आणि पिशवी ओट्यावर ठेवून व्हरांड्यात जाऊन बसले.

गोष्ट अशी होती की इंदुलेखाने त्यांच्या अकरा चित्रपटांपैकी एकही जागेपणी पाहिला नव्हता. हे परितोषबाबूंना माहीत होतं, आणि त्यांना माहीत आहे हे बहुधा तिलाही माहीत होतं. पहिल्या खेळाला तिने चापूनचोपून ढाक्याची साडी नेसून यावं, शेजारी बसावं, दिवे मालवले की त्यांच्या कोपरावर हात ठेवावा, आणि दुसरं रीळ लागायच्या आत तिचं डोकं कलायला लागावं, हे ठरलेलं. दिवे लागले की ती टक्क जागी होई आणि म्हणे, "शेवट फार छान झालाय." प्रत्येक वेळी हेच. एकदा परदेशातल्या महोत्सवात ती थेट परीक्षकांच्या मागच्या रांगेत, कुठल्याशा मोठ्या बाईंच्या शेजारी झोपली, आणि दुसऱ्या दिवशी तिथल्या एका समीक्षकाने लिहिलं की दिग्दर्शकाच्या पत्नीने संपूर्ण चित्रपट मिटल्या डोळ्यांनी अंतर्मुख होऊन अनुभवला, हीच या कलेला खरी दाद. ते कात्रण परितोषबाबूंनी जपून ठेवलं नाही. लोक म्हणत, तुमचे चित्रपट कुणासाठी आहेत? ते सांगत, उद्याच्या प्रेक्षकासाठी. पण रात्रंदिवस संकलनाच्या टेबलावर बसून एखादा शॉट आणखी थोडा लांबवताना ते मनातल्या मनात एकाच प्रेक्षकाला म्हणत असत, आता बघ, इथे तर तू जागीच राहशील. आणि शॉट जितका लांबे तितकी ती लवकर झोपे. हे साधं गणित त्यांच्या ध्यानात आलं नव्हतं असं नाही, पण कलावंताने गणितापुढे झुकायचं का, असा तो प्रश्न होता.

आणि आता ती म्हणाली होती, डोळे उघडे ठेवून. कशासाठी, तर गोकुळ शिकदारच्या नाटकातल्या प्रेतासाठी. परितोषबाबूंना राग यायला हवा होता. त्याऐवजी ते त्या दुपारी दार लावून पलंगावर उताणे झोपले आणि श्वास पोटाने घ्यायचा की छातीने, याचा सराव करू लागले.

प्रयोगाच्या संध्याकाळी गोकुळबाबूंनी प्रेत सजवायची कामगिरी स्वतःकडे घेतली. कपाळावर चंदनाचे ठिपके, नाकपुड्यांत कापूस, डोळ्यांवर तुळशीची पानं, उशाशी निशिगंध आणि उदबत्तीचा जुडगा. "अहो, उदबत्ती जरा लांब ठेवा," परितोषबाबू तोंडाने श्वास घेत म्हणाले. "प्रेताने सूचना करू नयेत, दादा," गोकुळबाबू प्रेमाने म्हणाले. पडदा सरकला. बांबूच्या ताटीची एक गाठ परितोषबाबूंच्या डाव्या खांद्याच्या बरोबर खाली आली होती. समोरून गल्लीचा आवाज अंगावर आला, खुर्च्या ओढल्याचा, शेंगदाणे फोडल्याचा, कुणीतरी कुणालातरी "अरे बस ना खाली, तू काय काचेचा आहेस?" म्हटल्याचा. पानांखाली नुसता हिरवट काळोख. ती पहिल्या रांगेत होती, एवढं त्यांनी ताटीवर चढताना पाहून ठेवलं होतं. उजवीकडून तिसरी खुर्ची. शेजारी नोनीबाबूंच्या शेफालीदी. पण आता बघायची सोय नव्हती. पान जरा हललं असतं तरी गल्लीने वर्षभर तोंड सोडलं नसतं.

म्हणून ते ऐकू लागले. आयुष्यभर डोळ्यांवर जगलेल्या माणसाला हे जड गेलं. रंगमंचावर थोरला पुतण्या गच्चीवर हक्क सांगत होता, धाकट्याची बायको म्हणत होती की गच्ची घ्या पण मग गळतीही घ्या, आणि या सगळ्या आरडाओरड्याखालून परितोषबाबू एक विशिष्ट श्वास शोधत होते. त्यांना त्यांचे नट आठवले. त्यांनी ज्यांना तासन्‌तास खिडकीशी उभं करून सांगितलं होतं, काही करू नका. ती बिचारी माणसं म्हणत, दादा, निदान काय विचार करू ते तरी सांगा. ते म्हणत, विचारही करू नका. आता नाकाच्या शेंड्यावर काहीतरी चालत होतं, गाठ खांद्यात रुतत होती, चंदन वाळून कपाळ ओढत होतं, घशात उदबत्ती बसली होती, आणि काही न करण्याच्या या कामात एवढी कामं असतात हे त्यांना कुणी कधी सांगितलं नव्हतं. त्यांच्या तिसऱ्या चित्रपटातली म्हातारी, जिने अख्खं रीळभर उकळत्या भाताकडे नुसतं बघितलं होतं, ती शॉट संपल्यावर म्हणाली होती, बाबा, भात लागला. त्यांनी तेव्हा तिला रागे भरलं होतं. म्हातारी कधीच गेली. भात लागलाच होता.

इतक्यात धाकटा पुतण्या आला. म्हणजे बुबाई आला. बुबाई संघातला नव्हता, धाकट्याच्या भूमिकेपुरता उसना घेतलेला गल्लीतला पोरगा; दुर्गापूरच्या कारखान्यात होता, गाडीला उशीर झाला म्हणून स्टेशनवरून जो निघाला तो तडक रंगमंचावरच, आणि विसर्जनानंतर परितोषबाबूंना तो पहिल्यांदाच बघत होता. संहितेप्रमाणे त्याने हंबरडा फोडून पायांवर कोसळायचं होतं. पण समोर गल्लीतला वडीलधारा, विजयेचे म्हणजे थोरांच्या पाया पडायचे दिवस, आणि पाय असे समोर मांडून ठेवलेले. बुबाई वाकला, दोन्ही पायांना नीट हात लावला, तो कपाळाला टेकवला आणि खऱ्या थोरल्या काकाला म्हणावं तसं हलकेच म्हणाला, "शुभ विजया, जेठू."

आणि प्रेताचा उजवा हात आपोआप वर उठला आणि बुबाईच्या डोक्यावर टेकला.

"सुखी राहा" हे शब्द परितोषबाबूंनी दातांत अडवले, पण हात आधीच निघून गेला होता, त्याला परत बोलावता येत नव्हतं. मग गल्ली जी फुटली! खुर्च्या पडल्या. कुणीतरी शिटी मारली. "मेल्यावरसुद्धा आशीर्वाद!" "अहो, मलाही द्या, पोराची परीक्षा आहे!" विंगेतून गोकुळबाबू दात ओठ खात कुजबुजले, "हात खाली! हात खाली घ्या, दादा!" परितोषबाबूंनी हात हळूहळू खाली घेतला. मेलेला हात किती वेगाने खाली येईल, हा विचारसुद्धा त्यांनी केला. त्यांच्या अकरा चित्रपटांत मिळून कुणी एवढं हसलं नव्हतं. खरं म्हणजे एकदाच हसले होते, आणि तिथे हसायचं नव्हतं. त्यांना पोटात कुठेतरी ऊब वाटली, आणि त्या उबेतच त्यांनी कान टवकारले. आता येईल. हसण्याच्या टोकाला उचकी. उजवीकडून तिसरी खुर्ची.

"आमचे हे कधी हललेसुद्धा नाहीत," शेफालीदींचा आवाज आला, खणखणीत. "पाच वर्षं काम केलं, पण अगदी खऱ्यासारखे पडायचे. मीच घाबरायची."

उचकी आली नाही. हशा ओसरला, शेंगदाणे पुन्हा सुरू झाले, पुतणे विहिरीच्या पंपावर आले, आणि मग त्या सगळ्याच्या तळाशी, परितोषबाबूंना ती ऐकू आली. बारीक शीळ. श्वास आत जाताना काही नाही, बाहेर येताना दोन समोरच्या दातांमधून एक अगदी बारीक, किंचित चढती शीळ. जगातल्या कुठल्याही गोंगाटात त्यांनी ती ओळखली असती.

झोपली.

आधी त्यांना जे वाटलं ते सांगण्यासारखं नव्हतं. एवढा हशा, एवढा गोंधळ, नवरा पुढ्यात मेलेला आणि आशीर्वाद देतोय, आणि ही झोपली. म्हणजे दोष लांब शॉटचा नव्हता. दोष नावेचा नव्हता, भाताचा नव्हता. त्यांना वाटलं, आताच उठावं, ताटीवरून उतरावं, तिच्यापुढे जाऊन उभं राहावं आणि विचारावं, एवढ्या वर्षांत, इंदु, एकदाही? आणि मग, त्यांची परवानगी न घेताच, पहिल्या चित्रपटाच्या पहिल्या खेळाची संध्याकाळ आली. ती त्यांनी कितीदा आठवली होती, पण दर वेळी पडद्याच्या बाजूने. आज पानांखाली पडदाच नव्हता, तर ती खुर्चीच्या बाजूने आली. मुलगी मिमी तेव्हा जेमतेम तीन महिन्यांची होती, सासूजवळ सोपवून इंदुलेखा आली होती. मध्यंतरात दिवे लागले तेव्हा तिचं पोलकं पुढून ओलं झालं होतं, दूध आलेलं, आणि ती साडीचा पदर ओढून ओढून ते झाकत होती आणि झोपेत चालल्यासारखी हसत होती. ते तेव्हा एका वृत्तपत्रवाल्याशी बोलत होते. त्यांना पोलकं दिसलं होतं. ध्यानात आलं नव्हतं. मग मिमीचे दात, मिमीचा गोवर, सकाळच्या पाळीला शाळेत शिकवणं, उजाडायच्या आत उठून डबा, चित्रीकरणाची अख्खी टोळी वहिनीच्या हातचं जेवायला घरी, "बौदी, आणखी एक चहा," "बाई, हिने माझं पेन घेतलं," "आई," "सूनबाई," "इंदु, माझा चष्मा," हे तर त्यांचं स्वतःचंच. या शहरात तिला कुणी हाक मारू शकणार नाही अशी एकच जागा होती, आणि ती म्हणजे त्यांच्या चित्रपटाचा अंधार. तिथे कुणी गात नव्हतं, दार आपटत नव्हतं, रडतसुद्धा आवाज न करता होतं. नाव संथ पाण्यावरून यायची आणि काठाला लागायची नाही. लागली असती तर उठावं लागलं असतं.

आज पहाटेपासून ती माणसांना नाडू देत होती. मांडवात यायला निघतानाही दारात दोघे उभे होते, त्यांना देऊन निघाली.

परितोषबाबूंच्या लक्षात आलं की आपण गेला बराच वेळ हललेलो नाही. नाकावरचं काहीतरी अजून नाकावरच होतं, पण ते आता दुसऱ्या कुणाचं तरी नाक होतं. ते इतके छान मेले होते की कुठल्याही नटाला त्यांनी हे दाखवलं असतं आणि म्हटलं असतं, असं.

"काका, आता आम्हाला कोण ओरडणार हो!" बुबाई म्हणाला.

हा इशारा होता. यावर पूजेचा ढोल वाजवणारा ढाकवाला तडतड करणार, आणि प्रेताने ताडकन उठून गर्जायचं. ढाकवाल्याने टिपऱ्या उचलल्या असणार. पण तो प्रेताकडे बघत थांबला असणार, कारण आवाज झाला नाही. शीळ चालू होती. बाहेर येताना, किंचित चढती.

"आता आम्हाला कोण ओरडणार हो, काका!" बुबाई पुन्हा म्हणाला, जरा मोठ्याने.

"चहा," विंगेतून कुजबुज आली. "चहा कुठाय. दादा. चहा!"

ते उठले नाहीत. थोरला पुतण्या आपल्या मनाचं काहीतरी बोलला. बुबाई ताटीशी गुडघ्यावर बसला, वाकला, आणि त्याचा श्वास परितोषबाबूंच्या गालावर आला. "जेठू? ओ जेठू?" आवाजातला पुतण्या निघून गेला होता, आत खराच पोरगा होता. "गोकुळकाका, हे... हे श्वास घेत नाहीयेत बहुतेक." नाकात कापूस असल्यावर कुणाचा कळतो? पण पहिल्या रांगेत शेफालीदी उठून उभ्या राहिल्या. "गेले की काय? मी म्हटलंच होतं, ती भूमिकाच अपशकुनी आहे! अगं इंदु..."

आता कुणीतरी किंचाळणार होतं. कुणीतरी तिला हलवून उठवणार होतं, आणि तेही कशासाठी!

परितोषबाबू उठून बसले. ताडकन नाही, त्यांच्या चित्रपटांत माणसं उठतात तसे, सावकाश, प्रत्येक मणक्यासकट. डोळ्यांवरची तुळशीची पानं मांडीवर पडली, आणि ओठांवर त्यांनी बोट ठेवलं. शेफालीदींचा हात हवेतच राहिला. रंगमंचावरचे दिवे पहिल्या रांगेवर सांडत होते आणि त्या उजेडात, उजवीकडून तिसऱ्या खुर्चीत, इंदुलेखा होती. हनुवटी छातीवर, तोंड किंचित उघडं, मांडीवर उताणे ठेवलेले तळवे, बोटांची टोकं अजून लाल. लग्नात पाटावर बसवून तिला त्यांच्यासमोर उचलून आणलं होतं, तोंडापुढे दोन विड्याची पानं धरून, आणि बायका ओरडत होत्या, बघ गं, बघ आता, पानं काढ! तिने पानं काढून बघितलं होतं. त्यांनी तेव्हा बघितलं नव्हतं, ते लाजून स्वतःच्या पायांकडे बघत होते. तिला झोपलेली त्यांनी नेहमी काळोखात पाहिली होती, डोळ्याच्या कोपऱ्याने, तक्रारीने. अशी, उजेडात, समोरून, पहिल्यांदाच.

गल्लीने त्यांच्या नजरेमागे नजर वळवली. मागच्या रांगा काय झालं म्हणून उठून बघू लागल्या, आणि पुढच्यांनी त्यांना हातानेच खाली बसवलं. "बौदी झोपल्यात," कुणीतरी पुटपुटलं. "अरे हळू. सकाळपासून राबतायत." शेंगदाणे थांबले. ढाकवाल्याने टिपऱ्या काखेत मारल्या. शेफालीदी खुर्ची न वाजवता खाली बसल्या आणि इंदुलेखाचा घसरलेला पदर त्यांनी तिच्या खांद्यावर सारखा केला. आपण पुढे काय करायचं ते पुतण्यांना कळेना, म्हणून ते नुसते उभे राहिले, काही न करता, आणि फार चांगले दिसत होते.

विंगेत गोकुळबाबू घामाघूम झाले होते. त्यांनी पडद्याची दोरी दाखवली, भुवया उंचावल्या. टाकू का?

चंदनाचे ठिपके लावलेलं, नाकात कापूस घातलेलं परितोषबाबूंचं डोकं हळूच नकारार्थी हललं.

"अजून नाही," ते ओठांनीच म्हणाले. "थोडं चालू दे."